आतून ओले

१

ड्रायरमधून काढलेला कपडा बाहेरून कोरडा आणि आतून ओला निघाला, तर दोष मशीनचा नसतो, कोंबणाऱ्याचा असतो. हे मी उभी हयात पोरींना ओरडून ओरडून शिकवलं. मोठ्या हॉटेलच्या लाँड्रीत मी सुपरवायझर होते. चादरी, टॉवेल, आचाऱ्यांचे डगले, पाहुण्यांचे नाजूक झगे, सगळं माझ्या डोळ्यांखालून गेलंय. तेव्हा मला ड्रायर शिकवायला कोणी येऊ नये.

म्हणूनच त्या सकाळी ह्यांच्या शर्टाची बाही आतून गार लागली तेव्हा मी आधी स्वतःवरच उखडले. म्हटलं, म्हातारी झालीस बाई, घरातल्या मशीनमध्येसुद्धा भरमसाट भरायला लागलीस. बाहीत हात घातला तर मोजा निघाला. त्यात काही विशेष नाही. फिरता फिरता मोजे बाह्यांमध्ये शिरतात, रुमाल उश्यांच्या खोळीत लपतात, मोठी चादर तर सगळ्यांना पोटात घेऊन बसते. मी मोजा काढला, शर्ट झटकला आणि पुन्हा मशीन लावलं.

आता घराचं सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. घर उभं आणि अरुंद. वर मी आणि आमचे हे. खाली माझा दीर आणि माझी जाऊ. दीर जहाजावर इंजिनाच्या खोलीत कामाला, वर्षातले कितीतरी महिने बाहेर, म्हणजे खाली ती एकटीच. मधल्या जिन्याच्या पायथ्याशी एक बिनखिडकीची खोली आहे, तिथे ड्रायर. धुण्याची मशीनं ज्याची त्याची, पण ड्रायर दोघींनी मिळून घेतलेला. सकाळ माझी, दुपार तिची.

तिला मी धाकटी म्हणते, ती मला ताई. म्हणायची, असं म्हणायला हवं. कारण आमचा अबोला होता.

२

भांडण कपड्यावरूनच झालं. तिने माझा लोकरीचा कोट ड्रायरमध्ये घातला आणि तो बाहुलीच्या अंगात जाईल एवढा आटला. मी चार लोकांसमोर म्हणाले, "जिला कपडा कळत नाही तिला संसार काय कळणार!" तिनेही उचलली जीभ, लावली टाळ्याला. म्हणाली, "तुम्हाला चादरी कळतात ताई, माणसं कुठे कळतात? आजपासून मी तुमचं तोंड बघणार नाही."

"नकोच बघूस," मी म्हटलं. "मला काय तुझ्या तोंडाचा फोटो लावायचाय?"

झालं. त्या दिवसापासून आम्ही एकमेकींचं तोंड खरोखरच बघितलं नाही. जिन्यात समोरासमोर आलो तर मी भिंतीकडे बघायचे, ती पायांकडे. नजरेच्या कडेला रंग तेवढे दिसायचे. तिचा मोहरीच्या रंगाचा स्वेटर, निळ्या चौकड्यांचा गाऊन.

खरं सांगू? मला ती हवी होती. माझा पाय मोडला होता तेव्हा महिनाभर तिने मला न्हाऊ घातलं होतं, केस विंचरले होते. साबण डोळ्यांत गेला की मी शिव्या घालायचे आणि ती हसून हसून बादली सांडायची. सख्खी बहीण करणार नाही एवढं तिने केलं होतं. मला ती परत हवीच होती. फक्त आधी तिने बोलायचं. मी मोठी आहे. बोलल्याने कोणाच्या अंगाला भोकं पडत नाहीत, पण ती तिच्या पडू देत ना, माझ्या का?

३

दुसऱ्या खेपेला बनियन शर्टाच्या आत निघाला. नुसता गुंतलेला नव्हे. बनियनच्या खांद्यावर शर्टाचा खांदा, गळ्याच्या आत गळा, माणूस घालतो तसा. तिसऱ्या खेपेला वर स्वेटरही होता आणि शर्टाची बटणं लागलेली होती. खालपासून वरपर्यंत, कॉलरच्या बटणासकट.

मी मशीनसमोर बसून डोकं चालवलं. बटण घरात जाऊ शकतं, एखादं, योगायोगाने. रजयांच्या खोळींना बटणं असायची, त्यातलं एखादं आपोआप लागलेलं मी पाहिलंय. पण एका ओळीत सगळी? छे. बटणं माणूस लावतो. आणि या घरात ड्रायरच्या खोलीत येणारी माझ्याशिवाय एकच होती.

तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे माझं मशीन अर्ध्यावर थांबवायचं, माझे ओले कपडे बाहेर काढायचे, त्यांचं बुजगावणं करायचं आणि पुन्हा आत घालायचं! हॉटेलातून आलेल्या बाईला घरात येडं ठरवायचं!

मी ह्यांना पकडलं. आमचे हे चष्म्याच्या दुकानात काचा घासतात. गावाला दृष्टी देतात आणि स्वतःच्या घरातलं ह्यांना काही दिसत नाही.

"तुमच्या भावजयीला सांगा," मी म्हटलं, "माझ्या कपड्यांना हात लावायचा नाही."

"तूच सांग की. एक जिना तर उतरायचाय."

"मी तिच्याशी बोलत नाही."

"माझ्याशी तरी कुठे बोलते ती? काल जिन्यात दिसली, मी म्हटलं, काय गं, कशी आहेस? तर मान खाली. क्षणभर थांबली, वळेल असं वाटलं. तेवढ्यात तू वरून डबा विसरला म्हणून ओरडलीस, मी वर आलो. तुमच्या भांडणात माझं भरीत झालंय." मग म्हणाले, "आणि तिला सांग, ओले कपडे घालत जाऊ नको म्हणावं. कठड्यावर तिचा हात होता तिथे सगळं ओलं होतं."

मला तेव्हा तिचीच काळजी वाटली. तिची छाती लगेच भरते. ते मात्र मी ह्यांना सांगितलं नाही.

४

मी पद्धतशीर कामाला लागले. रागात असले तरी काम काम असतं. जाळी काढली. कपड्यांतून सुटलेला कापूस तिच्यावर साचतो, तो काढला नाही तर गरम हवा कोंडते. जाळीवर जाडजूड थर होता, मोहरीच्या रंगाचा. म्हणजे आधीची खेप धाकटीची. ठीक. मागचा पाइप सोडवला, ब्रश घालून साफ केला. दरवाजाचं रबर तपासलं. ड्रम हाताने फिरवून पाहिला, कुठे खडखड नाही. एकच टॉवेल आत टाकून चालवला. टॉवेल खणखणीत वाळला. दोन टॉवेल टाकले. तेही वाळले.

मग एक बनियन, एक शर्ट आणि एक पँट टाकली आणि समोर स्टूल घेऊन बसले. म्हटलं, येऊ दे तिला आज. रंगेहाथ पकडते.

कोणी आलं नाही. मी जागची हलले नाही, दार माझ्या पाठीशी बंद होतं. काचेच्या गोल दरवाजातून कपडे वर जाताना दिसत होते, खाली पडताना दिसत होते. बटणं पत्र्यावर आपटत होती, टक, टकटक, टक. मला तो आवाज आवडतो. त्यावर माझं पोट भरलंय. पण जरा वेळाने तो कमी कमी होत गेला. कपडे तेवढेच, फिरणं तेवढंच, पण बटणं आपटेनाशी झाली. आणि कपडे आधी सुटे पडत होते, ते आता एकत्र पडायला लागले. धप्. वर जायचं, आणि धप्. एवढ्याशा कपड्यांचा एवढा आवाज यायला नको होता.

मी दरवाजा ओढला. ड्रम थांबला. शर्ट पँटमध्ये खोचलेला होता. बटणं लागलेली. बाहेरून सगळं कोरडं आणि कडक. मी शर्टाच्या पोटात हात घातला, तर आत ओल होती आणि ती ऊबदार होती. मशीनची ऊब कोरडी असते, ही तशी नव्हती. ताप उतरलेल्या माणसाच्या अंथरुणाला असते ना, तशी होती.

मी हात पुसला आणि मेकॅनिकला फोन केला.

५

मेकॅनिक आला तोच कपाळाला आठ्या घालून. बूट न पुसता आत. बॅग धाडकन खाली.

"काय होतंय?"

"कपडे आतून ओले राहतात."

"जास्त भरत असाल."

"मी लाँड्रीची सुपरवायझर होते."

"तिथली मशीनं वेगळी मावशी. हे घरगुती आहे." मावशी! माझ्याहून चार वर्षांनी लहान असेल नसेल. त्याने मागचं झाकण उघडलं, टॉर्च मारला, एक तार ओढून पाहिली, दुसरी ओढून पाहिली. थर्मोस्टॅट बदलावा लागेल म्हणाला. मग म्हणाला बेल्ट. मग म्हणाला, या खोलीतच ओल आहे, भिंतीचं काम करा. नाचता येईना अंगण वाकडं.

मी त्याला बटणांचं सांगितलं. तो हसला.

"मशीन बटणं लावतं? मग घरी न्यायला पाहिजे. माझी बायको तर माझी तुटलेलीसुद्धा लावत नाही."

"चालवून बघा," मी म्हटलं. "इथे बसा आणि बघा."

तो काही बसला नाही. पण जाता जाता चाचणी म्हणून त्याने कोपऱ्यातल्या टोपलीतले कपडे आत टाकले आणि मशीन सुरू केलं. ते कपडे धाकटीचे होते, तिने मशीनमध्ये ओलेच सोडलेले, मीच रागाने काढून टोपलीत टाकलेले. मी बोलायच्या आत तो बॅग भरायला वाकला होता. मशीन फिरत राहिलं. मग धप् असा आवाज आला, आणि पुन्हा धप्. त्याने मान वर करून काचेकडे बघितलं. हातातला पाना त्याने बॅगेत ठेवलाच नाही. तसाच मुठीत धरून तो उठला आणि बाहेर गेला. बाहेर जाऊन रस्त्यावरून म्हणाला, "मावशी, प्लग काढून ठेवा."

"काय दिसलं?"

"प्लग काढून ठेवा म्हटलं ना!" तो माझ्यावरच खेकसला. पैसेही न मागता गेला. असला मेकॅनिक मी जन्मात पाहिला नाही.

मी आत येऊन प्लग काढला. ड्रम लगेच थांबत नाही, वेगात असतो, फिरून फिरून थांबतो, हे मला ठाऊक आहे. मी तिथे उभी राहून वाट पाहिली. तो बराच वेळ फिरला. शेवटी शेवटी तर इतका हळू की बंद मशीन तसं फिरत नाही. आतून कोणी पायाने रेटावं तसं, एकेक रेटा.

मी दार ओढून घेतलं आणि वर आले.

६

डोकं मात्र मानायला तयार नव्हतं. डोक्याचं असं असतं, त्याला एक धाकटी मिळाली की ते सगळं धाकटीवर ढकलतं. तिनेच मशीनमध्ये काही केलं असेल. तिनेच मेकॅनिकला फितवलं असेल. मी जेवताना ह्यांना हे सगळं सांगितलं, तर हे म्हणाले, "तुझं ऐकून मलाच फिरतंय डोकं. दोघी एकदा बसा आणि काय ते बोला."

"तिने आधी बोलावं."

"मी आपला पालथ्या घड्यावर पाणी ओततोय."

पण मी कान देऊन ऐकू लागले होते. तिचं घर माझ्या पायाखाली आहे. भांडण असो नसो, तिचा दिवस मला पाठ होता. नळ सोडायची आणि बंद करायला विसरायची. रेडिओ लावायची आणि त्याच्याशी वाद घालायची. शिंकली तर अख्ख्या गल्लीला कळायचं. हे सगळं कधी थांबलं ते माझ्या लक्षातच आलं नव्हतं. मी समजत होते, ती माझ्यावर सूड म्हणून गप्प राहतेय. मीही सूड म्हणून गप्प होते. एकमेकींना शांतता ऐकवत होतो.

तरी ती दिसत होती. दर एक-दोन दिवसांनी जिन्यात, नजरेच्या कडेला, मोहरीचा स्वेटर, खाली निळा चौकडा. मी भिंतीकडे तोंड करायचे. ती अगदी हळू जायची. जाताना बारीक आवाज यायचा, टक, टकटक. बटणं कठड्याला घासतात, मी म्हणायचे. मागे ओलसर ऊब राहायची.

एकदा ती माझ्या मागे उभी राहिली. मी कुलूप लावत होते. मला वाटलं, आता बोलेल. आली ठिकाणावर. मी मुद्दाम कुलपाशी खटपट करत राहिले, तिला वेळ दिला. किती वेळ दिला देवाला ठाऊक. ती बोलली नाही, आणि मला तिचा श्वास ऐकू आला नाही. धापा टाकत जिना चढणारी माझी जाऊ, आणि श्वास नाही. मी वळले तेव्हा जिना रिकामा होता.

त्या दिवशी माझा अभिमान संपला. मला वाटलं, पोर आजारी आहे. ओल्या कपड्यांत फिरतेय, खातेय की नाही कोण जाणे, आणि मी मोठेपणा कवटाळून बसलेय. उद्या काही बरंवाईट झालं तर तो मोठेपणा घेऊन काय करू? लोणचं घालू? म्हटलं, मरू दे. मीच बोलते.

७

दुपारी खाली गेले. तिच्या दाराला कुलूप होतं. ड्रायरच्या खोलीचं दार मात्र उघडं होतं आणि ती आत होती.

पाठमोरी. मशीनसमोर वाकलेली, डोकं आणि खांदे ड्रमच्या आत, तळाशी अडकलेला मोजा काढताना वाकतो तशी. मोहरीचा स्वेटर, निळा गाऊन, पायांत जाड मोजे. दिवा लावलेला नव्हता, पण जिन्यातला उजेड तिच्या कमरेपर्यंत येत होता. मी उंबऱ्यावर थांबले. हॉटेलात मी मॅनेजरला फाडून खायचे, आणि इथे एका जावेशी बोलायला मी मनात वाक्यं जुळवत होते.

"धाकटे," मी म्हटलं.

ती जराशी सरळ झाली.

एवढ्यानेच माझे डोळे भरले. म्हटलं, ऐकतेय. मग मी बोलतच सुटले. "अगं, कोट गेला खड्ड्यात. मला कुठे मिरवायचं होतं त्या कोटात? मी रागात बोलले. तूही बोललीस, ती गोष्ट वेगळी, पण मी मोठी होते, मी गिळायला हवं होतं." ती आणखी सरळ झाली. खांदे ड्रमबाहेर आले. "तू मला न्हाऊ घातलंस, ते मी विसरले नाही गं. विसरेन कशी? तुझ्याशिवाय हे घर खायला उठतं. ह्यांच्याशी भांडून मजा येत नाही, ते लगेच हो म्हणतात."

इथे ती हसायला हवी होती. ती नुसती वर येत राहिली. माझ्या प्रत्येक वाक्यागणिक थोडी थोडी, आणि मी श्वास घ्यायला थांबले की तीही थांबत होती.

"बोल ना," मी म्हटलं. "शिव्या घाल. पण बोल."

ती पूर्ण उभी राहिली. अजून पाठमोरीच. हात दोन्ही बाजूंना लोंबत होते, आणि स्वेटरच्या बाहीच्या तोंडातून गाऊनची बाही दिसत होती, तिच्यातून शर्टाची, तिच्यातून आणखी कसलीतरी. सगळ्या बाह्या बाहेरून कोरड्या. सगळ्यांत आतली काळी, ओली. तिच्यातून हात आलेला नव्हता.

माझ्या मुठीतला फोन वाजला.

८

फोनवर तिचं नाव होतं.

मी बटण दाबून कानाला लावला. का लावला, माहीत नाही. वाजणं बंद व्हावं म्हणून असेल.

"ताई," धाकटी म्हणाली. मागे भोंगे, गाड्या, माणसांचा गलका. "ताई, मी हरले. मीच आधी बोलते, झालं? मी इकडे बंदरावर आलेय, ह्यांचं जहाज लागलंय. महिना होत आला. मुद्दाम कोणाला सांगितलं नाही. म्हटलं, बघू तर खरं, ताईंच्या लक्षात तरी येतंय का. एका बॅगेत मावेल तेवढं घेतलं आणि निघाले, ओले कपडेसुद्धा ड्रायरमध्ये तसेच टाकून. आणि तुम्ही! महिनाभर एक फोन नाही. दगड आहात अगदी." ती रडत होती. हसतही होती. तिला ते एकदमच जमतं.

माझ्यासमोर तो मोहरीचा स्वेटर उभा होता. मी बोलले की ते हलतं, एवढं मला आता कळलं होतं. फोन मी कानात घुसेल इतका दाबून धरला, तिचा आवाजसुद्धा बाहेर पडू नये म्हणून.

"ताई? ऐकताय ना? काहीतरी बोला. नुसतं हं म्हणा."

एक हं. एवढंच मागत होती ती. कितीतरी दिवस मला जे हवं होतं ते माझ्या कानाशी उभं होतं आणि मला एक हं काढता येत नव्हता. मी दात आवळून उभी राहिले. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, नाक ओढायचीही भीती वाटत होती.

"अजून राग आहे," धाकटी हळूच म्हणाली. "कळलं मला. मग नाही येत मी, ताई. मी इथेच खोली बघते."

मला वाटलं, बरं झालं. खरंच असं वाटलं. तोडून टाक, बाई. मला शिव्या दे, पण तिकडेच राहा.

तेव्हा ते वळलं. पूर्ण नाही. स्वेटरच्या गळ्यात गाऊनचा गळा, त्यात कॉलर, त्या कॉलरमध्ये कॉलर, सगळ्यांची बटणं वरपर्यंत लावलेली, आणि मधोमध जिथे मान असायची तिथे काहीतरी ओलं, घडी पडलेलं, उलगडत होतं. त्यातून माझा आवाज आला. माझाच. घोगरा, चहा कमी पडल्यासारखा, जरासा रागावलेला.

"ये गं धाकटे," ते म्हणालं. "तुझ्याशिवाय हे घर खायला उठतं."

फोनमध्ये ती हंबरडा फोडून रडली. "आले ताई! आजच निघते. आत्ता निघते!"

९

वर कशी आले आठवत नाही. दाराला आतून कडी घातली, वर खुर्ची लावली. तिला फोन लावला. तिने उचलला, "निघालेच हो, निघालेच," म्हणाली, 'येऊ नकोस' म्हणायला मी तोंड उघडलं आणि घशातून नुसतं वारं निघालं. पुन्हा प्रयत्न केला. वारंच. खालच्या खोलीतून कोणीतरी माझ्या आवाजात एकेक वाक्य म्हणून बघत होतं. न्हाऊ घातलंस. विसरेन कशी. विसरेन कशी.

फोन तिकडून बंद झाला. मी मेसेज लिहिला. येऊ नकोस. फोनवर बोलले ती मी नव्हते. तुझ्या पाया पडते, येऊ नकोस.

ह्यांना लिहिलं, घरी येऊ नका, स्टँडवर जाऊन तिला अडवा. ह्यांनी उत्तर दिलं, भांडण मिटलं ना आता, मग परत काय? पुन्हा लिहिलं, पुन्हा. ह्यांचा फोन आला, मी उचलला, आणि ते नुसतं हॅलो हॅलो करत राहिले. मग वैतागून म्हणाले, "माझ्याशीही अबोला? धन्य आहे तुझी." ठेवून दिला.

खाली जिन्यात टक, टकटक सुरू झालं. पायथ्यापासून रस्त्याच्या दाराकडे गेलं आणि तिथे थांबलं. पाहुणा यायचा असला की मीही तिथेच जाऊन उभी राहते.

मग धाकटीचं उत्तर आलं.

"पुरे आता नाटक, ताई. तुमचा आवाज मी ओळखत नाही होय? गाडी सुटली. दार तुम्हीच उघडायचं हं, आणि या वेळी माझ्या तोंडाकडे बघायचं."